हिशेबात न मावलेला माणूस

नोटेवर कुणाचे चित्र छापायचे, हा प्रश्न कुठल्याच देशाला सोपा नसतो. न्यूझीलंडने १९९० च्या दशकाच्या सुरुवातीला आपल्या नोटा बदलायला घेतल्या, तेव्हा पाच डॉलरच्या नोटेवर एव्हरेस्टवीर एडमंड हिलरी आले आणि शंभराच्या नोटेवर शास्त्रज्ञ रदरफोर्ड आले. ही दोन्ही नावे आपल्याकडच्या शाळकरी मुलांनाही ठाऊक असतात. पन्नास डॉलरच्या नोटेवरचा चेहरा मात्र आपल्याला अनोळखी आहे. रुंद कपाळ, मिशा, शांत पण करारी नजर. हे सर आपिराना न्गाता. न्यूझीलंडच्या विद्यापीठातून पदवी घेऊन बाहेर पडलेला पहिला माओरी, वकील, ३८ वर्षे खासदार आणि जवळजवळ सहा वर्षे माओरी खात्याचा मंत्री. (नावाचा उच्चार जरा अवघड आहे. 'गंगा' म्हणताना मध्येच जो अनुनासिक उमटतो, त्यानेच हे आडनाव सुरू होते.)

सारी नोकरी बँकेच्या वह्यांमध्ये काढलेल्या माझ्यासारख्याला या नोटेत एक वेगळीच गोष्ट दिसते. सरकारी पैशाचा हिशेब नीट ठेवला नाही, असा ठपका येऊन ज्या माणसाला १९३४ मध्ये मंत्रिपद सोडावे लागले, त्याचेच चित्र त्याच्या देशाने पुढे आपल्या चलनावर छापले. असे का झाले असेल? हे समजून घ्यायचे तर न्गातांच्या आयुष्याच्या आधी त्यांच्या लोकांच्या जमिनीची कहाणी समजून घ्यावी लागते.

माओरी हे न्यूझीलंडचे मूळ रहिवासी. ६ फेब्रुवारी १८४० रोजी वायतांगी या ठिकाणी त्यांच्या सरदारांनी ब्रिटिश राणीच्या प्रतिनिधीशी करार केला. कराराचे दोन मसुदे होते, एक इंग्रजी आणि एक माओरी, आणि दोहोंचा अर्थ एक नव्हता. इंग्रजीत सार्वभौमत्व दिल्याचे लिहिले होते. माओरीत राज्यकारभार चालवण्याची मुभा दिल्याचे. माओरींच्या जमिनी माओरींच्याच राहतील, हे मात्र दोन्हीकडे होते. पुढच्या वीस-पंचवीस वर्षांत गोऱ्या वसाहतवाल्यांची संख्या वाढली, जमिनीची भूक वाढली, लढाया झाल्या आणि बंडखोर ठरवलेल्या जमातींच्या जमिनी सरकारजमा झाल्या.

पण बंदुकीने जेवढी जमीन गेली, त्याहून अधिक कागदाने गेली. १८६० च्या दशकात माओरी जमिनींसाठी खास न्यायालय स्थापन झाले. त्याआधी जमीन एका माणसाची नसे; ती कुळाची असे. न्यायालयाने कुळाऐवजी माणसांची नावे लिहायला सुरुवात केली. ज्याचे नाव लागले त्याला विकण्याचा हक्क आला. मोजणीचा खर्च, वकिलांची फी, न्यायालयाच्या गावी आठवडेच्या आठवडे राहण्याचा खर्च, आणि तेवढ्या काळातली दुकानदाराची उधारी, या सगळ्यापायी दावा जिंकणाऱ्यालाही जमीन विकावी लागे. १८९१ च्या सुमारास उत्तर बेटात माओरींकडे सुमारे १ कोटी १० लाख एकर जमीन उरली होती. वीस वर्षांत ती ७० लाखांवर आली.

उरलेल्या जमिनीचे दुखणे आणखी वेगळे. वारसा सगळ्या मुलांना सारखा, आईकडूनही आणि बापाकडूनही. दोन-तीन पिढ्यांत एकेका तुकड्यावर शेकडो नावे चढली, आणि एकेका माणसाचे दहा ठिकाणी दहा चिमूटभर हिस्से झाले. आपल्याकडे शेतीकर्जाची प्रकरणे हाताळलेल्या कुणाही बँकवाल्याला हे दुखणे सांगावे लागत नाही. सातबाऱ्यावर सतरा नावे. त्यातले पाच जण मुंबईला, दोघी बहिणी सासरी, एकाचा ठावठिकाणा नाही, तिघे मयत आणि त्यांच्या वारसांची नोंदच नाही. शेतात राबणारा एकटा, आणि विहिरीसाठी कर्ज मागायला येतो तोही एकटाच. जमीन आहे, पाणी आहे, राबायची तयारी आहे. पण तारण लिहून देणार कोण? बाकीच्यांच्या सह्या आणा, असे म्हटल्यावर तो ज्या नजरेने बघतो, ती नजर नोकरी संपली तरी विसरत नाही. माओरींचा सारा समाजच त्या माणसाच्या जागी उभा होता. जमीन होती पण पत नव्हती. आणि पत नाही म्हणून जमीन पडीक, आणि पडीक म्हणून ती आम्हाला द्या, असे म्हणणारे गोरे शेतकरी दारात उभे.

या वातावरणात ३ जुलै १८७४ रोजी, उत्तर बेटाच्या पूर्व किनाऱ्यावर, ते अरारोआ या गावी आपिरानांचा जन्म झाला. जमात न्गाती पोरोउ. वडील पाराटेने जमातीच्या वंशावळी आणि परंपरा यांचे जाणकार. जमिनींच्या न्यायालयात असेसर म्हणूनही बसत. आईच्या अंगात थोडे स्कॉटिश रक्त होते. घरात शब्द चाले तो आजोबांच्या नात्याच्या रोपाता वाहावाहा यांचा. हे रोपाता मोठे लढवय्ये. १८६० च्या दशकातल्या लढायांत ते सरकारच्या बाजूने लढले होते. त्यामुळे न्गाती पोरोउंच्या जमिनी बऱ्याच प्रमाणात शाबूत राहिल्या. पण या म्हाताऱ्याने एक गोष्ट नेमकी ओळखली होती. लढाईचे दिवस संपले. पुढची लढाई गोऱ्यांच्या विद्येची आहे. घरातला हुशार मुलगा त्या विद्येसाठी दूर पाठवायचे ठरले.

नऊ वर्षांचे आपिराना हॉक्स बे भागातल्या ते आउते कॉलेजात दाखल झाले. कॉलेज म्हणजे खरे तर माओरी मुलांची निवासी शाळा. तिथले मुख्याध्यापक जॉन थॉर्नटन हे वेगळ्या जातीचे मास्तर होते. माओरी मुलांना सुतारकाम आणि नांगर शिकवला की पुरे, असे मानण्याचा तो काळ. पण थॉर्नटन त्यांना लॅटिन आणि गणित शिकवत, मॅट्रिकला बसवत. पुढे १९०६ मध्ये सरकारी आयोगानेच या शाळेने शेतकीकडे वळावे असा सल्ला दिला. सुदैवाने तोवर आपिराना आणि त्यांचे सोबती शिकून बाहेर पडले होते. शिष्यवृत्ती घेऊन ते क्राइस्टचर्चच्या कँटरबरी कॉलेजात गेले, १८९३ मध्ये राज्यशास्त्र घेऊन बी. ए. झाले, मग एम. ए. झाले, आणि ऑकलंडच्या एका वकिली कचेरीत उमेदवारी करत १८९६ मध्ये एलएल. बी. झाले. दरम्यान १८९५ मध्ये अरिहिया यांच्याशी लग्न झाले. वधूचे वय सोळा, वराचे एकवीस.

ऑकलंडमध्ये पाटी लावली असती तर पैसा आणि मान दोन्ही आले असते. माओरी वकील ही त्या काळी नवलाची चीज होती. पण न्गाता आपल्या वाइओमातातिनी या गावी परतले. तो काळ असा की, माओरी ही मरू घातलेली जमात आहे, असे शहाणीसुरती माणसेही शांतपणे बोलत. १८९६ च्या जनगणनेत त्यांची संख्या जेमतेम ४२ हजार भरली होती. साथीचे रोग, दारू, दारिद्र्य आणि खचलेले मन. ते आउतेच्या माजी विद्यार्थ्यांनी १८९७ मध्ये एक संघटना काढली. पुढे लोक तिला 'तरुण माओरी पक्ष' म्हणू लागले. निवडणुका लढवणारा तो पक्ष नव्हता. तीन नावे त्यातून पुढे आली : माउई पोमारे आणि ते रांगी हिरोआ (इंग्रजी नाव पीटर बक) हे दोघे डॉक्टर, आणि न्गाता हे वकील. डॉक्टरांनी विहिरी, संडास, लस यांचे काम घेतले. वकिलाने जमिनीचे घेतले. गावोगाव फिरायचे, रात्ररात्र सभागृहात बसायचे, म्हाताऱ्यांची बोलणी ऐकायची, आणि त्यांच्याच भाषेत, त्यांच्याच दाखल्यांनी त्यांना समजावायचे, असा त्यांचा क्रम होता.

१९०५ मध्ये ते संसदेत निवडून आले. इथे आपल्या वाचकांनी एक गोष्ट ध्यानात घ्यावी. ज्या स्वतंत्र मतदारसंघांवरून आपल्याकडे १९३२ मध्ये येरवड्याच्या तुरुंगात उपोषण झाले आणि पुणे करार घडला, तशी व्यवस्था न्यूझीलंडमध्ये माओरींसाठी १८६७ पासून होती. जागा चार. माओरींनी माओरी उमेदवार निवडायचा. चार जागांनी कुठले सरकार पडत नाही की उभे राहत नाही. तेव्हा या चारांपुढे दोनच वाटा असत : भिंतीवर डोके आपटत राहायचे, किंवा समोरच्याच्या कायद्यात शिरून त्यातली फट शोधायची. न्गातांनी दुसरी वाट धरली. त्या वाटेचे यश आणि त्या वाटेचे पाप, दोन्ही त्यांच्या पदरात पडले.

पापाची गोष्ट आधी सांगतो. १९०७ मध्ये मुख्य न्यायाधीश रॉबर्ट स्टाउट आणि न्गाता यांचा द्विसदस्य आयोग नेमला गेला. माओरींकडे नेमकी किती जमीन उरली आहे आणि तिचे काय करावे, हे त्यांनी पाहायचे होते. दोघांनी उत्तर बेट पालथे घातले. माओरींना स्वतः कसण्यापुरती जमीन आधी राखून ठेवा, जास्तीची हवी तर भाडेपट्ट्याने द्या, विकू नका, असा त्यांच्या शिफारशींचा रोख होता. सरकारने सोयीचे तेवढे उचलले. मग १९०९ मध्ये माओरी जमिनींचे सारे विखुरलेले कायदे एकत्र करणारा मोठा कायदा आला. तो तयार करण्यात न्गातांचा मोठा वाटा होता. कायदा म्हणून तो नीटनेटका होता. पण विक्रीवरचे जुने निर्बंध त्याने सैल केले. मालकांची सभा बोलवायची, ठराव करायचा आणि जमीन द्यायची, अशी वाट त्यात होती. १९१२ मध्ये सरकार बदलले, जमीनखरेदीला उत्साही मंडळी सत्तेवर आली आणि त्या वाटेने लाखो एकर जमीन गेली. ज्या लेखणीने कुंपण घालायचे, तिनेच त्यात फाटक ठेवले होते. त्यांचे आजचे टीकाकार याच गोष्टीवर बोट ठेवतात आणि ते चूक नाहीत.

मात्र त्याच काळात, आपल्या मुलखात, न्गाता दुसरे एक काम चिकाटीने उभारत होते. नावांच्या गर्दीला त्यांनी दोन उतारे शोधले. पहिला एकत्रीकरणाचा. दहा ठिकाणचे दहा हिस्से मोजून, किंमत लावून, अदलाबदल करून एका कुटुंबाची जमीन एका ठिकाणी आणायची. आपल्याकडे १९४७ मध्ये मुंबई राज्याने तुकडेबंदी आणि एकत्रीकरणाचा कायदा केला. न्गातांनी तीच कल्पना त्याच्या कितीतरी आधी राबवायला घेतली होती. बोलायला सोपे काम. ज्यांनी गावात एकत्रीकरणाची योजना आलेली पाहिली आहे, त्यांनाच कळेल की माणसे त्यात किती भांडतात. त्यात माओरींना जमीन म्हणजे पूर्वजांच्या हाडांची जागा. न्गातांना हजारो वंशावळी तोंडपाठ होत्या, म्हणूनच हे काम त्यांना साधले. कुणाचा हिस्सा कुठून आला, हे सांगायला त्यांना दप्तर उघडावे लागत नसे.

दुसरा उतारा सामाईक संस्थेचा. जमीन वाटायचीच नाही. सगळ्या मालकांनी मिळून एक संस्था करायची, नावांऐवजी भाग लिहायचे, पंचमंडळ निवडायचे, व्यवस्थापक नेमायचा आणि संस्थेच्या नावावर कर्ज काढून मेंढ्या पाळायच्या. आता सावकारापुढे शेकडो माणसे उभी न राहता एक संस्था उभी राहू लागली. १९१२ मध्ये शेतकऱ्यांची सहकारी कंपनी निघाली. माल विकायचा, सामान पुरवायचे, हंगामापुरती उचल द्यायची, हे तिचे काम. १९२० च्या दशकाच्या मध्यावर रुआतोरिया या गावी न्गाती पोरोउंची स्वतःची डेअरी उभी राहिली आणि 'नाती' या छापाचे लोणी बाजारात गेले. आपल्या प्रवरानगरचा सहकारी साखर कारखाना सुरू होण्याच्या पाव शतक आधीची ही गोष्ट. सहकार म्हटले की आपल्या डोळ्यांपुढे जे चित्र येते (पहाटे दुधाचे कॅन, वजनकाटा, पंधरवड्याचे बिल), तेच चित्र तिथेही होते. फक्त दूध घालणारे माओरी होते, ज्यांच्याबद्दल यांना शेती जमायची नाही, असा गोऱ्यांचा ठाम समज होता.

१९२७ मध्ये त्यांना 'सर' ही पदवी मिळाली. डिसेंबर १९२८ मध्ये त्यांचा पक्ष सरकारात आला आणि न्गाता माओरी खात्याचे मंत्री झाले. वय ५४. आयुष्यभर ज्या खुर्चीपुढे अर्ज घेऊन उभे राहिले, तिच्यावर आता ते स्वतः बसले. मात्र नियतीने लगेच हिशेब मागितला. १९२९ या एकाच वर्षी थोरला मुलगा माकारिनी आणि पत्नी अरिहिया, दोघेही आमांशाने गेले. अरिहियांना पंधरा मुले झाली होती. त्यांतली अकरा जगली. नवरा वर्षानुवर्षे राजधानीत किंवा दौऱ्यावर, आणि घर, शेत, पाहुण्यांच्या पंगती त्या एकट्या सांभाळत. त्यांच्या वाइओमातातिनीच्या घरी कधी किती पाने पडतील याचा नेम नसे. मोठ्या माणसांच्या चरित्रांत अशा बायकांना एक-दोन ओळी मिळतात. इथेही तेवढ्याच लिहून होत आहेत, याची खंत वाटते.

दुःख गिळून न्गाता कामाला लागले. १९२९ मध्येच त्यांनी संसदेकडून एक कायदा करून घेतला. त्यातली कल्पना साधी होती, पण क्रांतिकारक होती. मालकीचा गुंता सुटेपर्यंत थांबायचे नाही. सरकारी पैसा थेट जमिनीत घालायचा, झाडोरा तोडायचा, गवत पेरायचे, कुंपण घालायचे, गाई-मेंढ्या आणायच्या, कसणारे कुटुंब बसवायचे. खर्च जमिनीवर कर्ज म्हणून लिहायचा आणि तो उत्पन्नातून फेडून घ्यायचा. हिश्शांची भांडणे मग सावकाश मिटवू. गोऱ्या शेतकऱ्याला सरकारी कर्ज केव्हापासून मिळत होते. माओरींच्या जमिनी सुधारण्यासाठी सरकारचा पैसा एवढ्या प्रमाणात मिळण्याची ही पहिलीच वेळ.

योजना देशभर पसरल्या. विशेष म्हणजे वाइकातो भागातही गेल्या. वाइकातोंच्या जमिनी १८६० च्या दशकात सरकारने जप्त केल्या होत्या, तर न्गातांचे पूर्वज त्या लढायांत सरकारच्या बाजूचे. पहिल्या महायुद्धात न्गाता माओरी तरुणांना भरतीसाठी हाक देत हिंडत होते, तेव्हा वाइकातोंच्या ते पुएआ हेरांगी या जिद्दी बाईने ज्यांनी आमची जमीन लुटली त्यांच्यासाठी आमची मुले मरणार नाहीत, अशी भूमिका घेतली होती. अशा दोन टोकांची ही माणसे पुढे एकमेकांची मित्र झाली. ते पुएआंच्या तुरांगावाएवाए या वस्तीत १९२९ च्या मार्चमध्ये माहिनारांगी हे देखणे सभागृह उघडले, त्यामागे न्गातांची मदत होती. वाइकातोंच्या जमीन योजनांवर देखरेख करायला न्गातांनी कुणी गोरा अंमलदार न नेमता ते पुएआंनाच पुढे केले.

हा माणूस नुसता जमिनीचा नव्हता. शेती सुधारेल, पोट भरेल, आणि मग माओरी माणूस तपकिरी कातडीचा गोरा होऊन बसेल, ही भीती त्यांना होती. म्हणून एका हाताने कर्जाचे कागद आणि दुसऱ्या हाताने जुनी गाणी गोळा करण्याचे काम चाले. जमातीजमातींतली शेकडो गाणी त्यांनी म्हाताऱ्यांच्या तोंडून उतरवून घेतली. 'न्गा मोतेआतेआ' या नावाने त्यांचा पहिला भाग १९२८ मध्ये निघाला. लाकडावरच्या कोरीवकामाची कला मरू लागली होती. तिच्यासाठी १९२७ मध्ये रोटोरुआला शाळा सुरू झाली. तिथून तयार झालेल्या कारागिरांनी देशभर सभागृहे उभी केली. जिथे गावाचे स्वतःचे कोरीव सभागृह आहे, तिथे माणसे टिकतात, अशी त्यांची धारणा होती. आपल्याकडे गावचे देऊळ पडले की गाव उदास होते, तसेच हे.

आता १९३४. जगभर मंदी. सरकार दर पैशाला हात आखडत होते, आणि न्गातांच्या योजनांवर पैसा वेगाने चालला होता. सरकारी हिशेबतपासनीसाने खात्याचे हिशेब मान्य करायला नकार दिला. न्यायमूर्ती स्मिथ यांच्या अध्यक्षतेखाली चौकशी आयोग बसला. अहवाल कडक आला. व्हाउचरे नाहीत, जनावरांच्या नोंदी जुळत नाहीत, नियम धाब्यावर बसवले, स्वतःच्या जमातीला झुकते माप दिले. एका हाताखालच्या माणसाने खोटे हिशेब लिहिल्याचेही उघड झाले. न्गातांनी स्वतःचे खिसे भरले, असे मात्र कुणाला दाखवता आले नाही. त्यांनी गंभीर गैरव्यवहार नाकारला, पण खात्याची जबाबदारी आपली म्हणून राजीनामा दिला.

मी आयुष्यभर टेबलाच्या ज्या बाजूला बसलो, तिथून मला तपासनीसाची बाजू नीट दिसते. पैसा लोकांचा आहे. व्हाउचर हे नुसते कागदाचे चिटोरे नसते. ज्याचा पैसा आहे त्याला दिलेला तो जबाब असतो. हेतू चांगला म्हणून हिशेब सोडून द्यायचा, ही सवय एकदा लागली की चांगल्या हेतूचा माणूस जातो आणि सवय तेवढी मागे राहते. आपल्याकडच्या कितीतरी सहकारी संस्था याच वाटेने बुडाल्या. तेव्हा न्गातांचे हे वागणे डोळे झाकून पदरात घ्यावे, असे मला वाटत नाही.

पण दुसरी बाजूही आहे, आणि ती कुठल्याच ताळेबंदात दिसत नाही. नियमांप्रमाणे चालायचे म्हणजे मालकी आधी सिद्ध करायची, आणि मालकी सिद्ध करण्यात गेल्या सत्तर वर्षांत सारे गेले होते. गायी हंगामाला यायला हव्यात. मंजुरीला थांबल्या तर वर्ष जाते. ज्या जमातीचे लोक साथींनी आणि उपासमारीने मरत होते, तिच्या मंत्र्याला घाई असणे स्वाभाविक होते. शिवाय ज्या सरकारने माओरींची जमीन घेताना कराराची एकेक ओळ पुसली, तेच सरकार पैसा देताना एकेका ओळीचा हिशेब मागत होते, हा विरोधाभास माओरींना दिसला नसेल असे नाही. आणि मुख्य म्हणजे, योजना बंद पडल्या नाहीत. १९३५ मध्ये आलेल्या मजूर सरकारने त्या चालूच ठेवल्या. मंत्री गेला, हिशेबनीस वाढले, पण गवत पेरलेली शेते गवताचीच राहिली.

मंत्रिपद गेले तरी खासदारकी होती आणि माणसांचा मानही होता. ६ फेब्रुवारी १९४० रोजी वायतांगी कराराला शंभर वर्षे झाली. तिथे नवे कोरीव सभागृह उघडले गेले, आणि ६५ वर्षांच्या न्गातांनी स्वतः पुढे होऊन हाका नृत्याचे नेतृत्व केले. तो फोटो आजही त्या देशात घरोघर ओळखला जातो. आनंदाच्या त्या दिवशीही त्यांनी भाषणात करारानंतर माओरींच्या हाती काय उरले, हा प्रश्न पाहुण्यांपुढे ठेवायला मागेपुढे पाहिले नाही.

दुसरे महायुद्ध सुरू झाल्यावर माओरींची स्वतंत्र पलटण उभी राहावी, असा त्यांनी आग्रह धरला. २८ वी पलटण जमातवार कंपन्यांनी बनली. ग्रीस, क्रीट, उत्तर आफ्रिका, इटली. सुमारे ३,६०० तरुण लढले. त्यातले ६४९ परत आले नाहीत. न्गातांचा मुलगा हेनारे १९४१ मध्ये ग्रीसच्या मोहिमेत शत्रूच्या हाती सापडला आणि युद्ध संपेपर्यंत कैदेत राहिला. मार्च १९४३ मध्ये ट्युनिशियात न्गाती पोरोउंचा एक तरुण सेकंड लेफ्टनंट, मोआनानुई-आ-किवा न्गारिमु, एका टेकडीसाठी रात्रभर झुंजत पडला. त्याला मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस जाहीर झाला. पदक त्याच्या आईवडिलांना ६ ऑक्टोबर १९४३ रोजी रुआतोरियाला द्यायचे ठरले. या प्रचंड मेळाव्याची सारी जुळवाजुळव न्गातांकडे होती.

आणि नेमक्या त्याच धामधुमीत, सप्टेंबरच्या अखेरीस, निवडणूक झाली आणि न्गाता पडले. रातना या नव्या धर्मपंथाने मजूर पक्षाशी हातमिळवणी करून चारही माओरी जागा घेतल्या. नव्या पिढीला वंशावळी जाणणारा जमीनवकील नको होता. पेन्शन आणि मजुरी देणारे सरकार हवे होते. ३८ वर्षांनंतरचा पराभव. पुरते दोन आठवडेही गेले नव्हते, तोच हजारो लोकांपुढे न्गाता रुआतोरियाच्या मैदानावर उभे होते, पाहुण्यांची उठबस करत, गाणी बसवून घेत, दुसऱ्याच्या मुलाचा गौरव करत. त्या प्रसंगासाठी त्यांनी 'नागरिकत्वाची किंमत' या अर्थाच्या नावाची एक पुस्तिका लिहिली होती. माओरींनी बरोबरीच्या हक्काची किंमत रक्ताने चुकती केली आहे. आता पावती देण्याची पाळी देशाची आहे, असा तिचा आशय होता. व्हाउचरे ठेवली नाहीत म्हणून ज्याची खुर्ची गेली, तो माणूस आता सरकारपुढे असा हिशेब मांडत होता की ज्यात एकही नोंद खोटी नव्हती.

उरलेली वर्षे त्यांनी गाण्यांच्या संग्रहात आणि बायबलच्या माओरी भाषांतराची सुधारणा करण्यात घालवली. हवाईतल्या संग्रहालयात काम करणाऱ्या ते रांगी हिरोआंशी अखेरपर्यंत पत्रव्यवहार चालू होता. ती पत्रे पुढे तीन खंडांत छापली गेली. १९४९ मध्ये एका शाळकरी मुलीने स्वाक्षरीची वही पुढे केली. तिच्यात त्यांनी चार ओळी लिहून दिल्या : हात नव्या जगाच्या हत्यारांवर असू दे, मन पूर्वजांच्या ठेव्याशी असू दे, आणि आत्मा देवाच्या ठायी. त्या देशातल्या शाळांतून हा उपदेश आजही मुलांना सांगितला जातो. १९५० मध्ये वरिष्ठ सभागृहात त्यांची नेमणूक झाली, पण जागेवर जाऊन बसण्याइतकी प्रकृती उरली नव्हती. १४ जुलै १९५० रोजी वाइओमातातिनीच्या घरी त्यांनी डोळे मिटले.

मरू घातलेली म्हणून जिच्याकडे पाहिले गेले, ती जमात तोवर लाखाच्या पुढे गेली होती. २०२३ च्या जनगणनेत माओरींची संख्या सुमारे ८ लाख ८७ हजार भरली. १९७५ मध्ये वायतांगी कराराच्या उल्लंघनांची दाद घेणारे न्यायाधिकरण स्थापन झाले, १९८७ मध्ये माओरी भाषेला राजभाषेचा दर्जा मिळाला. हे सगळे एका माणसाने केले नाही, आणि काही जण तर म्हणतील की न्गातांच्या सबुरीच्या वाटेमुळे ते उशिरा झाले. असेलही. पण दाद मागायला माणसे शिल्लक लागतात, आणि माणसे शिल्लक राहायला पायाखाली थोडी तरी जमीन लागते. ती जमीन राखण्याचे काम या वकिलाने केले.

त्यांचा तो युद्धकैदी झालेला मुलगा हेनारे पुढे घरी परतला. तोही मोठा झाला, तोही सर झाला, २०११ पर्यंत जगला. पण वडिलांसारखी वकिली त्याने केली नाही. गिस्बोर्न शहरात त्याने कचेरी थाटली ती अकाउंटंट म्हणून. माओरींच्या जमिनी होत्या, त्यांच्या संस्था होत्या. त्यांचे हिशेब लिहायला आता घरचाच माणूस बसला होता.